सरकणी

त्या तळावर प्रत्येकाला घर होतं. घर म्हणजे वाळूवर पडलेला उजेडाचा एक चौकोन, चारी बाजूंनी सावलीच्या बारीक रेघांनी बांधलेला. असे चौकोन नजर पोचेल तिथवर होते, एकाला एक लागून, आणि कुठला कुणाचा हे लहानथोरांना तोंडपाठ होतं. चौकोन सगळे सारखेच. तरी आपला तेवढा जरा ऐसपैस, असं प्रत्येकाला मनातून वाटे. कोलंब्यांच्या घरात अख्खं गणगोत दाटीवाटीने नांदे, पाकट माशांचे पंख घराबाहेर सांडत, पण घर नाही असा जीव त्या तळावर शोधून सापडला नसता. या गोष्टीचा तिथल्या रहिवाशांना फार अभिमान होता.

रेघा कुठून आल्या, हा प्रश्न कुणाला पडत नसे. त्या वरून येत. वर म्हणजे जिथून उजेड येतो तिथून. एवढं उत्तर सगळ्यांना पुरेसं होतं. जुनेजाणते शंख सांगत, की त्यांच्या लहानपणी रेघा अगदी पुसट होत्या, नीट दिसतही नसत, आणि त्यामुळे त्या काळी लोक कुठेही राहत, कुणाच्याही शेजारी झोपत. ऐकणाऱ्यांना त्या गलथानपणाची कीव येई. आता रेघा वर्षागणिक ठळक होत चालल्या होत्या. तळाची प्रगती होत होती, यात कुणाला शंका नव्हती.

अडचण एकच होती. घरं एका जागी राहत नसत. सकाळी ती सगळी मावळतीकडे असत आणि दिवस चढे तशी हळूहळू उगवतीकडे निघत. घर निघालं की घरातल्यानेही निघायचं, ही तिथली रीत. तिला सरकणी म्हणत. खेकडे नांग्या आपटून हाळी देत, “सरका हो, सरका!” आणि सगळा तळ आपली पोरंबाळं, जमवलेले शिंपले आणि अर्धवट राहिलेली भांडणं घेऊन थोडा उगवतीकडे सरके. अंधार पडला की रेघा पुसून जात. मग जो तो जिथे असेल तिथे झोपे आणि फटफटायच्या आत उठून मावळतीकडे धाव घेई, आपलं घर उगवताना आपण तिथे हजर असावं म्हणून. ज्याला उशीर होई त्याच्या घरात शेजारी हातपाय पसरून बसलेला असे. त्यामुळे घर सोडून कुणी फार लांब जात नसे, आणि वर तर मुळीच जात नसे.

बाकीच्या रेघा कोलंबीच्या मिशीएवढ्या बारीक होत्या. एक मात्र वाम माशाच्या अंगाएवढी जाड होती. ती तळाच्या मधोमध पडे. तिला थोरली रेघ म्हणत. तिच्या अलीकडचे उगवतकर आणि पलीकडचे मावळतकर. दोघांचं खाणं एक, बोलणं एक, आणि एकमेकांविषयीचं मतही एकच होतं, की पलीकडचे लोक विश्वासाचे नाहीत. थोरली रेघही इतर रेघांबरोबर सरकत असे, पण तिच्यासोबत दोन्हीकडचे सगळेच सरकत असल्यामुळे कुणाला काही वेगळं वाटत नसे.

उगवतकरांत एक लेपी राहत होती. लेपी म्हणजे जमिनीला चिकटून राहणारी चपटी मासोळी. ती जन्मते इतरांसारखीच, दोन बाजूंना दोन डोळे घेऊन. पण थोडी मोठी झाली की तिचा एक डोळा डोक्यावरून चालत दुसऱ्या डोळ्याच्या शेजारी येऊन बसतो, आणि मग ती उरलेलं आयुष्य वाळूवर आडवी पडून दोन्ही डोळ्यांनी वर पाहत काढते. तिच्या जातीतल्या शहाण्या लेप्या अंगावर वाळू ओढून डोळे मिटून घेत. ही मिटत नसे. म्हणून लोकांनी तिचं नाव उताणी ठेवलं होतं. तिला समोरचं धड दिसत नसे, रस्त्याने जाताना ती कुणावर तरी धडकत असे आणि मग माफी मागण्याऐवजी काहीतरी विचारत असे. रेघेला वजन असतं का? रेघेवर झोपलं तर आपण कुणाच्या घरात झोपलो? एकदा तिने थोरली रेघ चाखूनही पाहिली होती. वाळूचीच चव लागली, पण खात्री झाली याचं तिला समाधान वाटलं.

तिच्या प्रश्नांना कंटाळत नसे अशी एकच होती, मिटकी नावाची कालवीण. मिटकी तळाच्या मध्यावरच्या खडकाला चिकटलेली होती. तिच्यासारखी पुष्कळ कालवं त्या खडकावर होती. त्यांना पाय नव्हते, पर नव्हते, सरकणी ठाऊक नव्हती. सगळा तळ रोज उगवतीकडे जाई आणि ती जिथल्या तिथे असत. त्यामुळे व्हायचं ते व्हायचं: सकाळी खडक थोरल्या रेघेच्या उगवतीला असे, माध्यान्ही रेघ खडकावरून जाई, आणि दुपारनंतर खडक मावळतीच्या बाजूला पडलेला असे. सकाळी उगवतकर असलेली कालवं दुपारी मावळतकर होत.

“आम्ही कुठे गेलोय?” मिटकी म्हणे. यापलीकडे ती या विषयावर बोलत नसे.

पण दोन्ही दरबारांत मात्र दुसरं बोलणंच नव्हतं. उगवतकरांचा सरदार शेवंडराव होता. लांबलचक मिशा, पाठीवर काटेरी चिलखत, आणि मागे मागे चालायची सवय, जिला तो डावपेच म्हणे. त्याचं म्हणणं, कालवं मूळची आपली, रोज दुपारी फितूर होतात. मावळतीला पाकटराणीचं राज्य होतं. ती एवढी रुंद होती, की तिची सावली पडली की तिच्या प्रजेला आपली घरं दिसेनाशी होत, आणि प्रजा ते कौतुकाने सांगे. तिचं म्हणणं, कालवं मूळची आपली, रोज सकाळी त्यांना पळवून नेलं जातं. खडकावर तसं होतं काय? थोडं शेवाळ आणि बसायला एक उंच जागा. पण उंच जागा दुसऱ्याची असली की ती आणखी उंच दिसते, आणि दोन्ही बाजूंना ती फारच उंच दिसू लागली होती.

अखेर दोन्ही दरबारांनी एकमेकांना न विचारता एकच ठराव केला: कालवांना खडकावरून सोडवून आपल्या मुलुखाच्या आत, रेघ पोचणार नाही अशा ठिकाणी, कायमचं वसवायचं. याला त्यांनी पुनर्वसन असं नाव दिलं. कालव खडकावरून उपटलं की त्याचं काय होतं, हे दोन्ही दरबारांना चांगलं ठाऊक होतं. दोन्ही दरबारांत कालवं आवडीने खाल्ली जात.

युद्धाची वेळ ठरवायला कुणाला विचारावं लागलं नाही. थोरली रेघ खडकावर असते ती माध्यान्हीची वेळ. त्या सकाळी दोन्हीकडचे खेकडे नांग्या घासत असताना उताणी खडकाशी आली. ती नेहमीसारखीच धडकली, पण आज तिने काही विचारलं नाही.

“गप्प का गं?” मिटकी म्हणाली.

“मावशी, तुला उपटून नेणार आहेत.”

“ऐकलंय.”

“तुला भीती नाही वाटत?”

“वाटते,” ती म्हणाली. “पण मला पळता येत नाही, तर भीती घेऊन करू काय? तुझं सांग. तू का आलीस?”

“मला एक विचारायचं होतं. थोरली रेघ रोज तुझ्या अंगावरून जाते. कशी लागते?”

“गार लागते,” मिटकी म्हणाली. “अलीकडे जास्त गार लागते. पूर्वी नुसती जायची. आता ती गेल्याचं कळतं.”

उताणीने दोन्ही डोळे वर लावले. उजेडात त्या रेघा कुठे सुरू होत होत्या ते दिसत नव्हतं, पण कुठेतरी होत असणारच. आणि अचानक तिला ते इतकं सोपं वाटलं, की आजवर कुणाला सुचलं कसं नाही याचंच तिला नवल वाटलं.

“मी वर जाऊन येते,” ती म्हणाली. “ही रेघ ज्याने कुणी ओढली असेल त्याला भेटते. म्हणावं, जरा अलीकडे घे नाहीतर पलीकडे. खडक मधे येतो, एवढंच तर आहे. दिवसभर तो एकाच बाजूला राहिला की मिटलं भांडण.”

“आणि तो ऐकेल?”

“का नाही ऐकणार? त्याला खडक दिसलाच नसेल. वरून सगळं सपाटच दिसत असणार.”

“घर जाईल तुझं.”

“चुळबुळीला सांगितलंय लक्ष ठेवायला.”

चुळबुळी म्हणजे उताणीची शेजारीण, भल्यामोठ्या गोतावळ्याची कोलंबी. “म्हणजे गेलंच,” मिटकी म्हणाली, आणि तिने झाकण लावून घेतलं. ती रागावली की अशीच मिटे. काळजी वाटली तरी अशीच मिटे. उताणीला आता त्यातला फरक ओळखता येत होता.

लेपी पोहते म्हणजे झटकलेलं फडकं हवं तिकडे जाईल तशी जाते. उताणी तशी वर निघाली. खाली सैन्यं लहान लहान होत गेली. त्यांची घरं एवढीएवढीशी दिसू लागली. तिला वाटलं होतं, फार लांब जावं लागेल. जुने शंख वरच्या उजेडाविषयी बोलत ते असं, की तिथवर पोचता पोचता जन्म संपेल. पण ती अजून दमलीही नव्हती तेवढ्यात तिच्या नाकाला काहीतरी लागलं.

ती रेघ होती. सावली नव्हे; खरीखुरी, अंगाला लागणारी रेघ, ज्याची सावली खाली पडत होती ती. तिला पीळ होता. ती जिथे दुसऱ्या रेघेला भेटे तिथे गाठ होती, आणि गाठीवर बुळबुळीत शेवाळ चढलं होतं. रेघा आडव्या जात होत्या, उभ्या जात होत्या, आणि त्यांच्यामध्ये चौकोन होते. अगदी खालच्यासारखेच, तेवढेच, एकाला एक लागून. उताणीने एक गाठ चाखून पाहिली. खारट, आणि मागून काहीतरी कडू. ही चव तिला ओळखीची नव्हती, आणि आधी तिला त्याचाच फार आनंद झाला.

“कुणी आहे का?” तिने विचारलं. “मी खालून आले आहे. ते खडकाचं जरा बोलायचं होतं.”

कुणी नव्हतं. ती थोरल्या रेघेच्या कडेने पुष्कळ लांब गेली. रेघ ओढणारा कुठेच दिसला नाही. घरांत कुणी राहतही नव्हतं. मग तिने एका घरात डोकं घातलं. आत वाळू नव्हती, उजेड पडलेला नव्हता, काहीच नव्हतं. ती चपटी असल्यामुळे आरपार पलीकडे निघाली, आणि पलीकडेही हेच पाणी होतं. ती परत अलीकडे आली. पुन्हा पलीकडे गेली. तिला हे इतकं नवलाचं वाटलं, की खालची लढाई तिच्या थोडा वेळ ध्यानातूनच गेली.

तेवढ्यात तिला एका गाठीत अडकलेली खवलं दिसली. मोठ्या माशाची होती, पुष्कळ जुनी. पुढच्या एका घराला एक नांगी धरून होती. नुसती नांगी, खेकडा नव्हता. घर सोडून जाणाऱ्याने नांगी मागे का ठेवली असेल? उताणी त्या नांगीपुढे थांबली आणि निरखून पाहू लागली. पाहता पाहता नांगी तिच्या डोळ्यांसमोरून खाली गेली. उताणी हलली नव्हती. तिने शेजारच्या गाठीवर नजर ठेवली. तीही सावकाश खाली गेली. मिटकीला रेघ जास्त गार का लागते, ते उताणीला कळलं. का खाली येते ते कळलं नाही. ती एका घरातून अलीकडे आली आणि जीव घेऊन खाली सुटली.

खाली लढाई ऐन भरात आली होती. शेवंडरावाने खेकड्यांची रांग पुढे घातली होती आणि स्वतः सैन्याचं मागून नेतृत्व करत होता. पाकटराणीच्या वामा वाळूतून निघून खेकड्यांचे पाय ओढत होत्या, आणि तिची माकुळं शाई सोडत होती. शाईने एक घोटाळा झाला. पाणी काळं झालं की रेघा दिसेनात, आणि रेघा दिसेनात तेव्हा कोण आपला आणि कोण परका हे कुणालाच सांगता येईना. मग दोन्ही सैन्यं अदबीने थांबत, शाई निवळू देत आणि पुन्हा एकमेकांवर तुटून पडत.

त्याहून मोठा घोटाळा थोरल्या रेघेने केला. हाळी देणारे खेकडे लढाईत होते, त्यामुळे सरकणीची आठवण द्यायला कुणी उरलं नव्हतं. रेघ मात्र रोजच्यासारखी सरकत राहिली. जो खेकडा आपल्या घराच्या उंबऱ्यावर पाय रोवून लढत होता आणि ज्याचा शेवंडरावाने नुकताच शूर म्हणून गौरव केला होता, त्याच्या पायाखालून रेघ निघून गेली आणि तो जागच्या जागी घुसखोर ठरून मारला गेला. त्याला काय झालं ते शेवटपर्यंत समजलं नाही. त्याच्यासारखे पुष्कळ होते.

रेघ खडकावर पोचली. दोन्हीकडचे खेकडे कालवांवर चढले आणि नांग्या खुपसून त्यांना उचकटू लागले. मिटकीच्या शेजारचं कालव निघालं. त्याच्या मागचं निघालं. एक नांगी मिटकीच्या झाकणाच्या फटीत शिरली, काठाचा टवका उडाला, आणि आयुष्यात कधी न ओरडलेली मिटकी ओरडली. त्याच वेळी वरून काहीतरी चपटं तिच्यावर येऊन आदळलं आणि तिला झाकून पसरलं.

“मावशी, मीच आहे,” उताणी म्हणाली.

नांग्या आता उताणीच्या पाठीवर बसू लागल्या. तिचं सुदैव असं, की त्याच क्षणी माकुळांनी पुन्हा शाई सोडली. सगळं काळं झालं, आणि रीतीप्रमाणे सगळे थांबले. त्या शांततेत उताणीचा आवाज दोन्ही सैन्यांना लख्ख ऐकू गेला.

“मी वर जाऊन आले! मी रेघा पाहिल्या!”

कुजबूज झाली. वर जाऊन आलेलं आजवर कुणी नव्हतं. काळ्या पाण्यातून शेवंडरावाचा घोगरा आवाज आला, “काय आहे वर?”

“वर...” उताणीने शब्द शोधला. तिने जे पाहिलं होतं त्याला तळावर एकच शब्द होता. “वर घरं आहेत.”

तळाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हर्षाची लाट गेली. घरं! वरही घरं! म्हणजे खालची घरं उगाच नव्हती, त्यांना वरचा आधार होता!

“तसं नव्हे,” उताणी ओरडली. “ती रिकामी आहेत!”

“रिकामी?” आता पाकटराणीचा आवाज होता, आणि तो एकदम मऊ झाला होता. “सगळी?”

“सगळी. कुणी राहत नाही. आरपार आहेत. आणि राणीसाहेब, ती खाली येतायत! मी डोळ्यांनी पाहिलं. आपल्या अंगावर येतायत!”

यावर जो जयजयकार झाला त्याने उरलीसुरली शाईसुद्धा फाटून गेली. उजेड परत आला. रेघा कधी नव्हत्या इतक्या काळ्याभोर आणि कडक दिसत होत्या, आणि त्या पाहून खेकड्यांचे डोळे भरून आले. रिकामी घरं येत होती. आपण होऊन येत होती. सरकण्याची गरज नाही, पहाटे धावण्याची गरज नाही. सावलीचं नव्हे, धरता येईल असं घर.

“ती घरं नाहीत!” उताणी म्हणाली.

“मग काय आहेत?” शेवंडरावाने विचारलं. त्याने चेष्टेने विचारलं नव्हतं. सगळे तिच्याकडे पाहत होते, आणि खरंच ऐकायला तयार होते.

उताणीने तोंड उघडलं. तिला पीळ आठवला, गाठ आठवली, तो कडवटपणा आठवला, ती एकटी नांगी आठवली. पण या सगळ्याचं मिळून जे काही होत होतं त्याला नाव नव्हतं. त्या तळावर तसा शब्द कधी कुणाला लागलाच नव्हता. ती तोंड उघडून तशीच राहिली. सगळ्यांनी थोडा वेळ वाट पाहिली, मग कुणीतरी खाकरलं, आणि लोक आपल्या कामाला लागले.

शेवंडराव आणि पाकटराणी त्या दिवशी पहिल्यांदा समोरासमोर आले. जुन्या भानगडीत आता काय अर्थ आहे, असं दोघंही म्हणाली. थोरल्या रेघेच्या उगवतीची वरची घरं त्याची, मावळतीची हिची. ठरवायला वेळ लागला नाही. ज्यांनी सकाळी एकमेकांचे पाय तोडले होते ते उरलेल्या पायांनी गळ्यात पडले. खडकाकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नाही. त्याची गरजच उरली नव्हती. उपटलेली कालवं वाळूत उलटी पडली होती, तीही कुणी उचलली नाहीत.

मग सगळा तळ आपापल्या चौकोनात जाऊन उभा राहिला, माना वर करून. इतकी वर्षं वर न पाहिलेल्या त्या हजारो डोळ्यांना वर पाहताना पाहून उताणीला रडू आलं. ती एकेकाकडे गेली. लांब व्हा म्हणाली, वाळूत शिरा म्हणाली, खडकाच्या कपारीत या म्हणाली. लोकांनी तिचे आभार मानले. ही शुभवार्ता तिनेच तर आणली होती. शेवटी ती खडकाशी परत आली आणि त्याच्या बुडाशी वाळूत जाईल तेवढी खोल गेली.

“काय दिसतंय?” वरून मिटकीने विचारलं.

“रेघा,” उताणी म्हणाली. “किती स्वच्छ दिसतायत, मावशी.”

रेघा उतरल्या. एवढी वर्षं वाळूवर सावली होती, आता त्या सावलीला जाडी आली आणि ती खालच्या सावलीला येऊन मिळाली. मिटकीच्या तुटक्या काठाला थोरली रेघ घासली आणि करकरली. तळभर आनंदाचा एकच गलका उठला. मासे आपापल्या घराकडे झेपावले आणि त्यांनी आत डोकी घातली. डोकं गेलं, अंग गेलं नाही. तरी त्यांनी नेटाने रेटलं, कारण नव्या घरात शिरताना थोडं अडचणीचं होणारच. खेकड्यांनी आपलं घर दोन्ही नांग्यांनी घट्ट धरलं. शेवंडरावाने मिशा पसरून शेजारची दोन-तीन घरंही अडवली. पाकटराणी आपल्या रुंदपणासकट एका बाजूने गुंडाळली गेली, आणि गुंडाळली जातानाही ती प्रजेला शिस्तीने चालायला सांगत होती.

मग सगळं एकदम आवळलं आणि वर निघालं.

“उताणे!” वरून आवाज आला. चुळबुळीचा होता. तिचं अख्खं गणगोत तिच्याभोवती दाटलं होतं, आणि ती खाली वाकून पाहत होती. “अगं ये की! तुझं घर राखून ठेवलंय मी! कुणाला बसू नाही दिलं!”

उताणी दोन्ही डोळ्यांनी पाहत राहिली. सगळा तळ उजेडाकडे चढत गेला, लहान होत गेला, आणि दिसेनासा होईपर्यंत प्रत्येक जण आपापल्या घरात होता.

दुसऱ्या दिवशी सूर्य वर आला तेव्हा तळावर एकही रेघ नव्हती. उजेड एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत अखंड पडला होता. इतका उजेड उताणीने कधी पाहिला नव्हता. तिचे डोळे दिपले. खडकावर मिटकी होती आणि आणखी थोडी कालवं होती. मिटकीचा तुटलेला काठ दुखत होता, पण नवा थर धरू लागला होता.

दिवस चढला. हाळी द्यायला कुणी नव्हतं. तरी एका ठरावीक वेळी उताणीने अंगावरची वाळू झटकली आणि ती हळूच उगवतीकडे सरकली, एका चौकोनाइतकी.

“कुठे गं निघालीस?” मिटकीने विचारलं.

“घरी,” उताणी म्हणाली. मग ती थांबली, आणि तिने आधी पुढे पाहिलं, मग मागे. वाळू सगळीकडे सारखीच उजळलेली होती.